‘एकतीसशे’वाली मुलगी आणि ‘बावन्नशे’वाला मुलगा: एका शब्दसंग्रह चाचणीचं प्रकरण

(गाव, संस्था आणि व्यक्तींची ओळख पटेल असे तपशील गाळले किंवा बदलले आहेत.)

पार्श्वभूमी

मराठवाड्यातल्या एका जिल्ह्याच्या ठिकाणचं विनाअनुदानित तंत्रनिकेतन. दहावीनंतर तीन वर्षांचा डिप्लोमा, पुस्तकं आणि पेपर इंग्रजीतून. पहिल्या वर्षाला येणारी बहुतेक मुलं मराठी माध्यमाची. काही सेमी-इंग्रजीची, म्हणजे गणित आणि विज्ञान इंग्रजीतून, बाकी सगळं मराठीतून. पूर्ण इंग्रजी माध्यमाची मुलं हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी. निम्म्याहून जास्त मुलं आसपासच्या गावांतून एसटीच्या पासवर रोज ये-जा करणारी.

पहिल्या सेमिस्टरला दरवर्षी पडझड व्हायची. विशेष म्हणजे ज्यांना दहावीला विज्ञानात चांगले गुण होते, अशी मुलंही फिजिक्समध्ये अडकायची. स्टाफरूममध्ये यावर एकच वाक्य ऐकू यायचं: “पोरांना येतं, पण पेपर कळत नाही.” हे वाक्य पुढे बरंच खरं निघालं, फक्त त्यातलं ‘कळत नाही’ म्हणजे नेमकं काय, ते कुणी पाहिलेलं नव्हतं.

प्राचार्यांनी ठरवलं, की ज्यांचं इंग्रजी कच्चं आहे त्यांच्यासाठी सकाळी आठ वाजता तासाभराचा ब्रिज कोर्स घ्यायचा. सगळ्यांना बसवण्याइतके शिक्षक नव्हते, त्यामुळे निवड करणं भाग होतं. इंग्रजीच्या मॅडमना इंटरनेटवर एक तयार, मोफत आणि नावाजलेली चाचणी सापडली. न्यूझीलंडचे भाषाशास्त्रज्ञ पॉल नेशन आणि त्यांचे सहकारी डेव्हिड बेग्लर यांनी २००७ साली मांडलेली ही शब्दसंग्रह-आकार चाचणी. तिची रचना अशी: इंग्रजी शब्द वापराच्या वारंवारितेनुसार हजार-हजारांच्या १४ गटांत विभागलेले, प्रत्येक गटातून १० शब्द, एकूण १४० प्रश्न. प्रत्येक शब्दाला चार पर्याय. बरोबर उत्तरांना १०० ने गुणायचं, की विद्यार्थ्याला अंदाजे किती शब्दकुळं ओळखता येतात ते मिळतं. (शब्दकुळ म्हणजे मूळ शब्द आणि त्याला प्रत्यय-उपसर्ग लागून झालेली रूपं, सगळी मिळून एक.)

आकडा सुटसुटीत, कुणालाही समजणारा. कॉलेजला तो आवडला यात नवल नव्हतं.

सीमारेषा ठरली ४०००. ती कुठून आली हे नंतर विचारलं तेव्हा उलगडा झाला. नेशन यांच्या २००६ च्या अभ्यासानुसार, वर्तमानपत्र किंवा कादंबरी कुणाच्या मदतीशिवाय वाचायची तर साधारण ८ ते ९ हजार शब्दकुळं लागतात. मजकुरातले ९८ टक्के शब्द ओळखीचे असावेत, म्हणजे पन्नासातला एखादाच अनोळखी, हे त्यामागचं गृहीतक. कॉलेजने विचार केला, की आपल्या मुलांकडे त्याच्या निम्मे तरी असावेत. निम्मं का, याला उत्तर नव्हतं.

अडचण

चाचणी झाली, आकडे लागले आणि यादी थेट नोटीस बोर्डावर गेली. नाव, शाखा, शब्द. दोन दिवसांत मुलं एकमेकांना आकड्यांनी हाका मारायला लागली. “ए सव्वीसशे, डबा आण.” ४००० च्या खालच्यांची नावं लाल शाईत होती.

यातल्या दोन नावांमुळे प्रकरण आमच्यापर्यंत आलं. मी ज्या गटात काम करतो तो शाळा-कॉलेजांना भाषेच्या चाचण्या तयार करायला मदत करतो. मॅडमनी फोनवर एवढंच सांगितलं: “वर्गात सगळ्यात नीट वाचणारी मुलगी खाली गेलीय आणि जो पुस्तक उघडत नाही तो वर बसलाय.”

मुलीला ३१०० होते, मुलाला ५२००.

उत्तरपत्रिका मागवल्या. मुलीने ३५ प्रश्न सोडवले होते. त्यातले ३१ बरोबर, ४ चूक. बाकीचे १०५ कोरे. मुलाने १४० च्या १४० सोडवले होते, त्यातले ५२ बरोबर, ८८ चूक.

इथे थोडं गणित करावं लागेल. चार पर्यायांच्या चाचणीत एकही शब्द न वाचता, डोळे मिटून १४० खुणा केल्या तरी सरासरी ३५ बरोबर येतात. म्हणजे इंग्रजीचं अक्षरही न येणाऱ्याला ही चाचणी ३५०० शब्द बहाल करू शकते. आमची मुलगी त्याही खाली होती. अंदाज वजा करण्याचं जुनं सूत्र लावलं (बरोबर उत्तरांतून चुकांचा एक तृतीयांश वजा), तर मुलाचे ५२ वजा सुमारे २९, म्हणजे जेमतेम २३ राहतात. मुलीचे ३१ वजा १.३, म्हणजे जवळपास ३०. क्रम उलटा झाला.

मग हे फक्त त्या दोघांपुरतं होतं का? नव्हतं. चाचणी दोन वर्गांत झाली होती. एका वर्गावरच्या सरांनी सांगितलं होतं, “येत नसेल तर सोडा, अंदाजे मारू नका.” दुसऱ्या वर्गात सूचना होती, “एकही प्रश्न रिकामा ठेवायचा नाही.” दोघांचा हेतू चांगलाच होता. पण त्यामुळे एक अख्खी तुकडी दुसरीपेक्षा इंग्रजीत कच्ची ठरली आणि लाल शाईतली बहुसंख्य नावं पहिल्या वर्गातली निघाली. आणि ब्रिज कोर्स सकाळी आठचा असल्यामुळे त्या मुलांना गावातून पहिली एसटी पकडावी लागणार होती. एका गावाची पहिली गाडीच साडेसातला सुटते.

दोष चाचणीचा नव्हे, वापराचा, असं यावर म्हणता येईल. ते बऱ्याच अंशी बरोबर आहे. ही चाचणी माणसाचा शब्दसंग्रह किती मोठा आहे याचा ढोबळ अंदाज देण्यासाठी आहे. कोण ब्रिज कोर्सला बसणार हे ठरवायला ती बनवलेली नाही, आणि फिजिक्सचा पेपर कुणाला कळेल हे सांगायला तर नाहीच.

मुलांशी बोलल्यावर काय दिसलं

कुठलाही पर्याय निवडण्याआधी आम्ही काही मुलांना एकेकटं बसवून बोललो. हातात छापील शब्द, समोर चहा, गुण नाहीत. वेळ कमी होता म्हणून हा टप्पा गाळावा असं कॉलेजमधल्या काहींचं मत होतं. तो गाळला नाही हे या कामातलं सगळ्यात चांगलं पाऊल ठरलं.

मेकॅनिकलच्या एका मुलाला ‘व्हॉल्व्ह’ हा शब्द इंग्रजीत छापलेला दाखवला. त्याने अडखळत ‘वाल्वे’ असं वाचलं आणि मान हलवली. “नाही बघितला सर कधी.” मग मॅडमनी तोच शब्द नुसता उच्चारला. पोरगा एकदम खुलला. “वॉल व्हय! आमच्या मोटरीला हाय की फुटवॉल. पाणी मागं जाऊ नये म्हणून असतंय ते.” पुढची काही मिनिटं त्याने विहिरीवरची मोटर पाणी का सोडते, फुटवॉलमध्ये कचरा अडकला की काय होतं, हे इतकं नेमकं सांगितलं, की वर्कशॉपचे सर नुसते ऐकत राहिले.

या मुलाला ‘व्हॉल्व्ह’ येतो का? पहिल्या चाचणीच्या मते नाही. पेपरच्या दृष्टीनेही नाही, कारण पेपर डोळ्यांनी वाचायचा असतो. पण त्याला तो शब्द शिकवायला ब्रिज कोर्स लागत नाही. अक्षरं आणि आवाज यांची गाठ घालून दिली की झालं. स्टार्टर, फेज, केबल, कंडेन्सर, गास्केट, असे कितीतरी शब्द या मुलांच्या कानात लहानपणापासून होते. डोळ्यांना मात्र ते परके होते.

दुसरा प्रकार याच्या उलट. शब्द छापलेला ओळखता येतो, पण मराठीत रुळताना त्याला जो अर्थ चिकटला तोच डोक्यात बसलेला. ‘टेन्शन’ म्हणजे काळजी. दोरीतलं, तारेतलं टेन्शन कुणालाच सुचलं नाही. ‘सॉलिड’ म्हणजे भारी. ‘करंट’ म्हणजे झटका, कारण करंट बसतो, वाहत नाही. आणि सगळ्यात महागात पडणारा शब्द ‘स्टेट’. स्टेट बँक, स्टेट ट्रान्सपोर्ट, म्हणून राज्य. प्रश्नपत्रिकेत ‘स्टेट ओहम्स लॉ’ (म्हणजे ओहमचा नियम सांगा) असं आलं, की एका मुलीने प्रामाणिकपणे विचारलं, “मॅडम, ओहमच्या राज्याचा कायदा असा वेगळा असतो का?” वर्ग हसला असता. पण खोलीत आम्ही तिघंच होतो, आणि तिचा तर्क भाषेच्या दृष्टीने चोख होता.

शब्दकुळाच्या हिशेबालाही इथेच तडा जातो. कुळातला एक शब्द आला की बाकीचे आपोआप येतात, हे त्यामागचं गृहीत. आमच्या मुलांना ‘डिव्हायडर’ माहीत होता, कारण तो रस्त्याच्या मधोमध असतो. ‘डिव्हिजन’ माहीत होता, कारण प्रत्येकाची एक डिव्हिजन असते. पण या दोन्हींचा भागाकाराशी संबंध आहे, हे कुणी सांगितल्याशिवाय लक्षात येत नव्हतं.

तिसरा प्रकार आम्हाला सगळ्यात महत्त्वाचा वाटला. मराठी माध्यमाची मुलं त्वरण, विस्थापन, विभवांतर, रोध, घनता हे शब्द व्यवस्थित शिकून आली होती. व्याख्या तोंडपाठ, उदाहरणं येत होती, एकेकं चुटकीसरशी सुटत होती. त्यांना संकल्पनेचं फक्त इंग्रजी नाव माहीत नव्हतं. याउलट सेमी-इंग्रजीच्या मुलांना ही इंग्रजी नावं सहज येत होती, पण ‘व्हेअरॅज’ (उलट), ‘प्रोव्हायडेड दॅट’ (या अटीवर), ‘रिस्पेक्टिव्हली’ (अनुक्रमे) आले की त्यांचंही गाडं अडत होतं. ‘शाफ्ट ए आणि शाफ्ट बी यांचे व्यास २० आणि ३० मिलिमीटर, रिस्पेक्टिव्हली’ अशा वाक्यात एका हुशार मुलाने दोन्ही शाफ्टना दोन्ही व्यास देऊन पाहिले आणि शेवटी सरासरी काढली.

समोरचे पर्याय

आता निवड करायची होती. पुढचे पर्याय चर्चेत आले.

जुनीच चाचणी, सूत्र लावून. सर्वांत स्वस्त. पण सूत्राचं गृहीत असं, की चुकलेलं प्रत्येक उत्तर हा निव्वळ अंदाज असतो. ‘टेन्शन’ला काळजी म्हणणारा मुलगा अंदाज मारत नव्हता, तो त्याला माहीत असलेलंच लिहीत होता. शिवाय त्या चाचणीची वारंवारिता ब्रिटिश मजकुरावरून काढलेली. आमच्या मुलांना ‘डोमिसाइल’ आणि ‘अ‍ॅफिडेव्हिट’ प्रवेशाच्या रांगेत उभं राहून पाठ झालेले असतात. ‘हायपोथिकेटेड’ रिक्षाच्या मागे रोज वाचलेला असतो. ब्रिटिश यादीत हे शब्द खूप खाली, दुर्मीळ गणले जाणारे. तेव्हा हजार-हजारांची ती शिडी इथे त्याच क्रमाने चढली जाईल, याची खात्री नव्हती.

दुभाषिक चाचणी, म्हणजे प्रश्न इंग्रजीत आणि पर्याय मराठीत. या चाचणीच्या अनेक भाषांतल्या दुभाषिक आवृत्त्या आहेत, आणि कारण सरळ आहे: इंग्रजी पर्याय वाचतानाच मुलगा अडला तर आपण मूळ शब्द मोजतोय की पर्यायातलं वाक्य, हे कळत नाही. हा मुद्दा सगळ्यांना पटला.

हो-नाही चाचणी. १९८७ साली पॉल मीरा आणि बार्बरा बक्स्टन यांनी मांडलेली पद्धत: लांबलचक यादी द्यायची, प्रत्येक शब्दापुढे ‘येतो’ किंवा ‘नाही’ अशी खूण करायची, आणि यादीत काही खोटे, बनावट शब्द पेरायचे. खोट्यालाही ‘येतो’ म्हणणाऱ्याचे गुण त्या प्रमाणात कमी. झटपट होते, खूप शब्द तपासता येतात. आम्ही छोट्या गटावर करून पाहिली. एक बनावट शब्द ‘मोल्डिंग’ला एका अक्षराने जवळचा होता, आणि मेकॅनिकलच्या जवळपास सगळ्यांनी त्याला ‘येतो’ म्हटलं. चाचणीच्या नियमाने ती मुलं बढाईखोर ठरली. प्रत्यक्षात त्यांनी घाईत ‘मोल्डिंग’ वाचलं होतं. छापील अक्षरांवर ज्यांची नजर अजून बसलेली नाही, त्यांच्या बाबतीत खोटेपणा आणि चुकीचं वाचन यांत फरक करणं या पद्धतीला जमत नाही. पर्याय बाद झाला.

दहावीचे इंग्रजीचे गुण. प्राचार्यांचा कल इकडे होता. चाचणीच नको, गुण आहेतच. मॅडमनी यावर ठाम विरोध केला, आणि त्यांचं म्हणणं रास्त होतं: दहावीच्या पेपरात उतारा ओळखीचा, प्रश्न ओळखीचे, पत्रलेखन पाठ. त्या गुणांवरून फिजिक्सच्या वाक्याचं काही सांगता येत नाही.

शेवटचा पर्याय: पहिल्या सेमिस्टरच्या प्रत्यक्ष मजकुरातून स्वतःची छोटी चाचणी करायची. कष्ट जास्त, पण मोजायचंय तेच मोजलं जाणार. हा निवडला, आणि त्यात दुभाषिक चाचणीची कल्पना मिसळली.

एका ठिकाणी मतभेद राहिला तो राहिलाच. कॉलेजला शेवटी एकच आकडा हवा होता, पालकांना सांगायला सोपा. आमचं म्हणणं होतं, की तीन वेगळ्या अडचणींची बेरीज करून जो आकडा येईल तो कुठल्याच अडचणीबद्दल काही सांगणार नाही. तडजोड अशी झाली: विद्यार्थ्याला तीन आकडे मिळतील, आणि बोर्डावर काहीच लागणार नाही.

काय केलं

पहिल्या सेमिस्टरची पाठ्यपुस्तकं, प्रयोगवह्या आणि मागच्या काही वर्षांच्या प्रश्नपत्रिका एकत्र केल्या. संगणकावर शब्दांची वारंवारिता काढली. सूत्रं, चिन्हं, नावं वगळली. उरलेल्या शब्दांचे तीन ढीग केले.

पहिला, तांत्रिक शब्द. दुसरा, प्रश्नपत्रिकेची क्रियापदं: स्टेट, डिफाइन, डिराइव्ह, डिफरन्शिएट, जस्टिफाय, स्केच. हा ढीग सगळ्यात लहान आणि सगळ्यात फायद्याचा निघाला, कारण तेच पंचवीस-तीस शब्द प्रत्येक पेपरात फिरून फिरून येतात. तिसरा ढीग पुस्तकी शब्दांचा, जे कुठल्याच विषयाचे नसतात आणि सगळ्याच विषयांत असतात: अझ्यूम, व्हेरी, निग्लेक्ट, ऑब्टेन, हेन्स, रिस्पेक्टिव्हली. हे शब्द शिकवणं आपलं काम आहे असं कुठल्याच शिक्षकाला वाटत नाही. फिजिक्सचे सर म्हणतात ते इंग्रजीचं, मॅडम म्हणतात ते फिजिक्सच्या पुस्तकातलं. अशा शब्दांची एक जगप्रसिद्ध यादी आहे, न्यूझीलंडमध्येच अ‍ॅव्हरिल कॉक्सहेड यांनी २००० साली केलेली, ५७० शब्दकुळांची. विद्यापीठीय मजकुरातला सुमारे १० टक्के भाग ती व्यापते. आमचा तिसरा ढीग तिच्याशी ताडून पाहिला. बराचसा जुळला, पण ‘निग्लेक्ट’सारखे पदविकेच्या पुस्तकांत सतत येणारे शब्द त्यात नव्हते.

शब्द मोजून, निवडून पुस्तकं करण्याचा हा उद्योग आपल्या उपखंडाला तसा जुना आहे. इंग्रजीची प्रसिद्ध सामान्य शब्दयादी १९५३ साली मायकेल वेस्ट यांनी प्रसिद्ध केली. त्याआधी, १९२० च्या दशकात ते ढाक्यात शिक्षकांच्या प्रशिक्षणाचं काम करत होते, आणि बंगाली मुलांना मोजक्या शब्दांत इंग्रजी वाचता यावं म्हणून पुस्तकं तयार करत होते. त्यांच्यापुढचा प्रश्न आमच्यापेक्षा फार वेगळा नव्हता.

चाचणीची रचना अशी केली. तांत्रिक शब्दांचा भाग दोनदा: एकदा छापील शब्द पाहून, एकदा तोच शब्द ऐकून. दोन्ही वेळा पर्याय मराठीत, आणि पर्यायांत पाठ्यपुस्तकातला मराठी शब्द. ‘अ‍ॅक्सिलरेशन’साठी त्वरण, ‘वेग वाढण्याचा दर’ असं वर्णन नाही. रुळलेला अर्थ चकवा म्हणून मुद्दाम ठेवला: ‘टेन्शन’ला ‘ताण’ आणि ‘काळजी’ दोन्ही होते, पण शब्द वाक्यात दिला होता, दोरीला टांगलेल्या वजनाच्या. प्रत्येक प्रश्नाला पाचवा पर्याय ‘माहीत नाही’, आणि एकच छापील सूचना दोन्ही वर्गांत मोठ्याने वाचून दाखवली. क्रियापदांच्या भागात अर्थ विचारलाच नाही. प्रश्न दिला आणि तीन नमुना उत्तरं दिली: यातलं कुठलं उत्तर या प्रश्नाचं?

‘माहीत नाही’ या पर्यायावर वाद झाला. वर्कशॉपच्या सरांचं म्हणणं, पोरं आळसाने तोच निवडतील. तसं झालं नाही. नोटीस बोर्डाच्या अनुभवानंतर मुलांना एवढंच विचारायचं होतं, की याची यादी लागणार आहे का.

निष्पत्ती

मुलं साधारण तीन गटांत पडली, आणि गट शाखेपेक्षा शाळेच्या माध्यमाशी जास्त जुळत होते. मराठी माध्यमाच्या मोठ्या गटाचा पहिला आकडा ऐकताना चांगला आणि पाहताना पडलेला. सेमी-इंग्रजीच्या गटाचे तांत्रिक शब्द ठीक, पुस्तकी शब्द कच्चे. क्रियापदं दोन्हीकडे कच्ची. आणि एक लहान गट असा, ज्याची संकल्पनाच मराठीतही पक्की नव्हती. या शेवटच्या गटाची अडचण इंग्रजीची नव्हतीच, पण ब्रिज कोर्समध्ये ती इंग्रजीच्या नावाखाली झाकली गेली असती.

एकतीसशेवाली मुलगी? ऐकण्यात पैकीच्या पैकी, क्रियापदांत मध्यम. बावन्नशेवाला मुलगा तांत्रिक शब्दांत खरोखरच चांगला निघाला. त्याच्या वडिलांचं मोटार रिवाइंडिंगचं दुकान आहे. पुस्तकी शब्दांत मात्र तो तळाला होता. म्हणजे पहिल्या यादीने दोघांवरही अन्यायच केला होता, वेगवेगळ्या दिशेने.

सकाळी आठचा ब्रिज कोर्स रद्द झाला. त्याऐवजी प्रश्नपत्रिकेची क्रियापदं पहिल्या काही आठवड्यांत इंग्रजीच्या तासाला घेतली, जुन्या पेपरांतूनच. मराठी-इंग्रजी तांत्रिक शब्दांच्या जोड्या प्रयोगवहीच्या मागच्या पानावर छापल्या, आणि प्रॅक्टिकल सुरू होण्याआधी सर त्या दिवसाचे शब्द फळ्यावर लिहून मोठ्याने वाचून घ्यायला लागले. संकल्पना कच्ची असलेल्या मुलांसाठी फिजिक्सचे सर दुपारी वेगळं बसू लागले.

सेमिस्टरच्या शेवटी पुन्हा चाचणी घेतली. इथला एक निर्णय महत्त्वाचा होता: निवडलेल्या शब्दांपैकी निम्मे जाणीवपूर्वक शिकवलेच नव्हते. ते फक्त पुस्तकात जिथे होते तिथे राहू दिले. शिकवलेल्या शब्दांत स्पष्ट वाढ दिसली, क्रियापदांत तर जवळजवळ सगळ्यांचीच. न शिकवलेल्या शब्दांत फारच थोडी. म्हणजे ‘पुस्तक वाचता वाचता शब्द येतील’ ही आशा निदान एका सेमिस्टरपुरती फळली नाही. याचं एक कारण बहुधा हे, की मुलं पुस्तक वाचत नव्हती. नोट्स वाचत होती.

निकाल थोडा सुधारला. पण त्याच वर्षी फिजिक्सला नवे सर आले होते आणि पेपरही सोपा होता असं मुलांचं म्हणणं. तेव्हा त्या सुधारणेचं श्रेय चाचणीला द्यायचं की कशाला, हे वेगळं काढता येत नाही, आणि आम्ही अहवालात ते दिलं नाही. प्राचार्यांना ते फारसं रुचलं नाही.

वेगळं काय करता आलं असतं

मुलांशी बोलण्याचा टप्पा पहिल्या चाचणीच्या आधी व्हायला हवा होता. पाच-सहा मुलं आणि एक दुपार एवढ्यात ‘कान विरुद्ध डोळा’ हा भेद समोर आला असता, आणि १४० प्रश्नांची चाचणी कदाचित झालीच नसती.

ऐकण्याचा भाग एकाच आवाजात, मॅडमच्या, रेकॉर्ड केला होता. त्या ‘व्हॉल्व्ह’ म्हणायच्या, मुलं ‘वॉल’ म्हणतात. वर्कशॉपच्या सरांच्या आवाजात काही शब्दांचे गुण आणखी वाढले असते का, हे तपासायला हवं होतं. तसंच पाहण्याचा भाग आधी आणि ऐकण्याचा नंतर घेतल्यामुळे दुसऱ्या वेळी थोडी ओळख झालेलीच होती. निम्म्या मुलांना उलट क्रमाने दिली असती तर हा फरक बाजूला काढता आला असता.

आणखी एक उणीव मोठी आहे. आमच्या चाचणीने फक्त ओळख मोजली. मुलाला उत्तरात तो शब्द स्वतः लिहिता येतो का, याकडे पाहिलंच नाही, आणि पेपर तर लिहायचाच असतो. काही उत्तरपत्रिका नंतर चाळल्या तेव्हा ‘डिफरन्शिएट’ नीट ओळखणाऱ्या मुलांनी फरक लिहिताना ‘व्हेअरॅज’ एकदाही वापरला नव्हता. दोन वेगळी वाक्यं, मध्ये मोठी मोकळी जागा.

यादीबद्दलही एक प्रश्न मोकळाच आहे. शब्द पहिल्या सेमिस्टरच्या मजकुरातून काढलेले. दुसऱ्या सेमिस्टरला शाखेनुसार विषय बदलतात, आणि सिव्हिलच्या पुस्तकात ‘बेअरिंग’ हा यंत्राचा भाग राहत नाही, सर्वेक्षणातला दिशेचा कोन होतो. शाखेगणिक यादी करायची तर प्रत्येक विभागातल्या कुणीतरी मजकूर गोळा करून द्यायला हवा. इलेक्ट्रिकलने दिला आहे. मेकॅनिकलच्या सरांनी दिवाळीनंतर देतो म्हणून सांगितलंय. सिव्हिलशी अजून बोलणं व्हायचंय.